वडीतलं सातवं भोक

धरणासाठी आमचं गाव उठलं तेव्हा मी दुसरीत होते. काळी नदीच्या काठी आमची भातशेती होती, चार फणस होते, दोन म्हशी होत्या. त्या बदल्यात रामनगरला एका रांगेतलं घर मिळालं आणि थोडी जमीन मिळाली. जमीन अशी, की अप्पांनी पहिल्या दिवशी कुदळ मारली तर कुदळीचंच टोक वळलं. अप्पा मग लाकडाच्या डेपोत ओंडके चढवायला जाऊ लागले. आणि जिनं गावात कधी परक्याचा सदरा हातात धरला नव्हता ती माझी आई लोकांचे कपडे धुवायला लागली.

धुणं त्यांचं, साबण आईचा, असा ठराव होता. त्यामुळे आमच्या घरात साबणाला जो मान होता तो तुपाला नव्हता. वडी झिजून पापडाएवढी झाली की आई ती नव्या वडीच्या पाठीवर चिकटवायची. आणि ओढ्यावर कावळे. साबणाला चरबीचा वास येतो, कावळा झडप घालून वडी उचलतो आणि ऐनाच्या झाडावर नेऊन बसतो. आई कपडे आपटून जेवढी दमायची त्यापेक्षा जास्त कावळे हाकून दमायची.

मी बी.एस्सी. झाले ती ह्या साबणावर. खानापूरला मावशीकडं राहून, बेळगावच्या कॉलेजात रोज रेल्वेनं जाऊन येऊन. आमच्या घरात पदवी घेतलेलं पहिलं माणूस मी. हे मी लाजून सांगत नाही, मिरवूनच सांगते. पण पदवी घेऊन घरी आले आणि सहा-सात महिने नुसती बसून राहिले. अर्ज टाकून टाकून पोस्टमन तेवढा ओळखीचा झाला.

आणि एक दिवस आईनं माझ्यापुढं एक वडी ठेवली.

लांब पिवळी धुण्याच्या साबणाची वडी. मधोमध वाटीएवढा गोल खड्डा, आतून इतका गुळगुळीत की बोट फिरवत राहावं. खड्ड्याभोवती सहा भोकं, सारख्या अंतरावर, सारख्या मापाची.

"कुणी कोरलं ग हे?"

"लोंढ्याच्या वाटंवर ते पत्र्याचं शेड हाय बग, तितलं काका. काकी म्हणाली, न्ये आन् धू. असल्या वड्यांचा ढीग पडलाय त्यांच्याकडं." आई वडी उलटीसुलटी करत म्हणाली, "माणूस शाणा हाय का येडा हाय ते कळंना. साबण चांगला हाय."

मी दुसऱ्याच दिवशी शेडवर गेले.

काका मूळचे खानापूर भागातले. पुण्याच्या एका कारखान्यात वीस-बावीस वर्षं काढून परत आलेले. एका बंद पडलेल्या कारखान्याच्या लिलावात त्यांनी एक संगणकावर चालणारं मशीन घेतलं होतं. लोखंडात साचे कोरणारं. हिरव्या रंगाचं, कपाटापेक्षा मोठं. ते ट्रकातून रामनगरला उतरलं तेव्हा गावाला वाटलं की गिरणी आली. पहिले आठ दिवस बायका डोक्यावर नाचणीची पाटी घेऊन येत होत्या. काका कुणाला हाकलत नसत. प्रत्येकीला मशीनजवळ नेऊन, त्यात नाचणी का दळता येत नाही हे सविस्तर समजावून सांगत. एक म्हातारी सगळं ऐकून घेऊन म्हणाली म्हणे, "मग तांदूळ तरी?"

मी गेले तेव्हा ते नाकावर एक चष्मा आणि कपाळावर दुसरा असे उभे होते. हातात माप घ्यायचं व्हर्निअर, त्याच्या जबड्यात भाकरी.

"आज दोन मिलिमीटरनं लहान आहे," ते आतल्या दाराकडं तोंड करून म्हणाले.

"माप खावा मग, भाकरी ठेवा," आतून काकींचा आवाज आला.

मग त्यांचं लक्ष माझ्याकडं गेलं. मी कशाला आले ते सांगितलं.

"काय शिकलीस?"

"बी.एस्सी. फिजिक्स."

"कुठला वर्ग मिळाला ते विचारत नाही. घरात शिकलेली तू पहिली का?"

"व्हय."

"मग ठीक आहे. घरात पहिला शिकलेला माणूस पाटी वाचल्याशिवाय बसमध्ये चढत नाही. मला असलंच माणूस पाहिजे."

मुलीला मशीनवर ठेवलं म्हणून चार दिवस गावात बोलणं झालं. एका दुकानदारानं तोंडावर विचारलंही. काका म्हणाले, "मशीनला विचारून बघितलं. त्याची काही हरकत नाही." तेव्हापासून ते मला नावानं न बोलावता 'ग्रॅज्युएट' म्हणायला लागले. या ग्रॅज्युएट, बसा ग्रॅज्युएट, ग्रॅज्युएट, तेवढी फ्लॉपी आणा. पहिले काही दिवस मला तो मान वाटला. नंतर कळलं, निम्मा मान आणि निम्मा चिमटा.

संगणकाची चित्रं साठवायच्या त्या फ्लॉप्या आणायला स्वयंपाकघरात जावं लागायचं. आमच्याकडं पावसात सगळ्याला बुरशी येते. चपलेला येते, देवाच्या फोटोला येते, फ्लॉपीला का सोडेल? काकांनी फ्लॉप्या बिस्किटाच्या पत्र्याच्या डब्यात घालून चुलीवरच्या माळ्यावर ठेवल्या होत्या, जिथं काकी कोकमाची सोलं आणि सुके बांगडे ठेवायच्या. डबा उबदार राही आणि बुरशी येत नसे, हे खरं. पण आमच्या सगळ्या कामाला बांगड्याचा वास यायचा. एकदा बेळगावच्या गिऱ्हाईकाला फ्लॉपीवर चित्र पाठवलं तर त्याचा निरोप आला, चित्र मिळालं, मासे मिळाले नाहीत.

आता काम काय होतं ते सांगते. संगणकाच्या पडद्यावर साच्याचं चित्र काढायचं, हत्यार कुठून कुठं फिरेल ते ठरवायचं. हा मार्ग जगातल्या सगळ्या मशीनांसाठी एकच निघतो. पण प्रत्येक मशीनची बोली वेगळी. म्हणून मध्ये 'पोस्ट' नावाचा दुभाषा लागतो, आणि त्यानं आपल्या मशीनशी कसं बोलायचं हे एका फाईलीत ओळीओळीनं लिहून ठेवावं लागतं. कुठल्या आज्ञेला कुठलं अक्षर, आकडा किती लांब, हत्यार बदलताना आधी वर उचलायचं की आधी बाजूला न्यायचं. सगळं.

काकांनी मला ते असं सांगितलं: "कचेरीत बघितलंस न्हवं? साहेबाला फक्त कन्नड, म्हातारीला फक्त आपली भाषा, आणि मध्ये शिपाई. शिपाई नेमकं सांगणारा असला तर म्हातारीचं काम होतं. शिपायानं एक शब्द गाळला की म्हातारी भलत्याच कागदावर अंगठा उठवून येते. ही फाईल म्हणजे तो शिपाई."

धरणात गाव गेलेल्या घरातल्या मुलीला हे दोनदा सांगावं लागलं नाही. संध्याकाळी मी अप्पांना सांगितलं तर ते म्हणाले, "चांगला शिपाई ठेव म्हणावं."

तेव्हापासून फाईलीचं नाव शिपाई. "आज शिपायाला काय शिकवलंस?" हा काकांचा रोजचा प्रश्न.

आणि शिपाई नीट बोलतो का हे बघायला साबण. नवं काम आलं की काका आधी ते अर्ध्या मापानं साबणाच्या वडीत कोरून बघत. लोखंडात चूक झाली तर हत्यार मोडतं, ठोकळा जातो. साबणात झाली तर फेस येतो, असं ते म्हणत. दुसरे लोक ह्या कामाला मेण घेतात, लाकूड घेतात. पण काकांचं म्हणणं, मेण टाकून द्यावं लागतं आणि साबणानं कुणाचा तरी सदरा निघतो. रामनगरातले निम्मे सदरे त्या दिवसांत पंपाच्या झाकणांनी आणि गिअरच्या पेट्यांनी धुतले गेले. वड्या आईकडं जायच्या.

आईची एकच तक्रार होती. ती कावळ्यांच्या भीतीनं वडीला दोरी ओवायची आणि दोरीचं दुसरं टोक मनगटाला बांधायची. पण आमची भोकं खड्ड्याला लागून असत. दोरी ओढली की साबण तुटायचा.

"तुमच्या काकास्नी सांग की," ती मला म्हणाली होती, "एवडी सहा भोकं पाडताय, एक कोपऱ्यात पाडा म्हणावं. दोरीला."

मी हसले आणि विसरून गेले.

मशीन चालू असताना काका कधीही खाली बसले नाहीत. डावा हात लाल बटणावर. बैलाच्या पाठीवर ठेवावा तसा, दाबायचा नाही, नुसता ठेवायचा. कुणी पाहुणा आला, चहा आला, तरी हात हलत नसे, चहा उजव्या हातानं. "मशीन मूर्ख असतं तर बरं झालं असतं," ते म्हणायचे. "मूर्ख माणूस निदान चुकून तरी ऐकत नाही. हे सगळं ऐकतं." आणि गिऱ्हाईक काम घेऊन आलं की त्यांचं पहिलं वाक्य ठरलेलं: "मी हे बिघडवू शकतो." ते ऐकून दोन गिऱ्हाइकं तिथल्या तिथं उठून गेलेली मी पाहिली आहेत.

सहा-सात महिन्यांत मी चित्र काढायला शिकले, मशीन लावायला शिकले आणि शिपायाची फाईल वाचायला लागले. फाईल म्हणजे एक अडगळच होती. एकच गोष्ट दोन-दोनदा सांगितलेली. आणि काही ओळींच्या शेवटी काकांनी इंग्रजी अक्षरांत एकेक मराठी शब्द टाकून ठेवलेला. मशीन ते वाचत नाही, माणसासाठी असतात असल्या टिपा. पण टिपा कसल्या? एका ओळीपुढं 'कपबशी'. एका पुढं 'जबडा'. मग 'चष्मा', 'गणपती', आणि एका ओळीपुढं 'मेहुणा'.

"काका, हे काय?"

"प्रत्येक ओळ कुणाच्या ना कुणाच्या नुकसानीवर उभी आहे. वाचत जा, कळेल."

एवढंच. मला वाटलं, भाकरीचं माप काढणारा माणूस, ह्यातही गंमत करत असणार.

मग काका-काकी एका लग्नाला दोन दिवस खानापूरला गेले आणि मी फाईल साफ करायला घेतली. चोरून नाही. त्यांना दाखवून शाबासकी घ्यायची म्हणून. मशीनबरोबर आलेलं जाड इंग्रजी पुस्तक शेजारी उघडं ठेवलं आणि ओळ न् ओळ ताडून पाहिली. पुस्तकात लिहिलंय की अमुक आज्ञा लागत नाही? काढा. दोनदा आलीय? काढा. 'मेहुणा' ओळीपाशी आले. भोकं पाडून झाली की मशीनला 'आता बास' म्हणून सांगणारी ती ओळ. पुस्तकात स्वच्छ छापलं होतं, की पुढं सरकायची आज्ञा मिळाली की भोकं पाडणं आपोआप थांबतं. मेहुण्याला काढलं.

काका आल्यावर मी म्हटलं, "शिपायाचं बोलणं निम्म्यावर आणलंय."

त्यांनी पडद्याकडं पाहिलं, दोन्ही चष्म्यांतून. "पुस्तक वाचून केलंस?"

"ओळ न् ओळ."

"मग साबण काय म्हणतो ते बघू."

त्याच आठवड्यात बेळगावचे एक कारखानदार टेम्पोतून पोलादाचा ठोकळा घेऊन आले. चार माणसांनी उतरवला. पंपाच्या भागाचा साचा त्यात कोरायचा होता. मध्ये खोल खड्डा, भोवती सहा भोकं, आणि चारी कोपरे सपाट, आरशासारखे. कोपऱ्यावर ओरखडा आला तरी साचा बसणार नाही.

"मास्तर, असला ठोकळा माझ्याकडं दुसरा न्हाई," ते म्हणाले. "बरोबर आला तर तुमचं मशीन वर्षभर थांबू देत न्हाई. बिघडला तर तुमचा आमचा रामराम."

"मी हे बिघडवू शकतो," काका म्हणाले.

"आँ?"

"त्यांचं बोलणं तसंच हाय वो," काकी चहाचे पेले घेऊन लगबगीनं बाहेर आल्या. "चा घ्या. करतात बरोबर."

कारखानदार गेल्यावर काकींनी मला आत बोलावलं. "हे काम न्हाई झालं तर मशीन इकायचं ठरवलंय त्यांनी. तुला सांगाय नको म्हणालेत. पुण्याच्या जुन्या मित्राचं पत्र आलंय, परत नोकरीला या म्हणून." माळ्यावरचा डबा उगाचच पुसत त्या म्हणाल्या, "मला न्हाई जायचं गे पुण्याला. हितं निदान कोण मेलं-जगलं ते कळतंय तरी."

मशीन गेलं तर माझंही परत पोस्टमनची वाट बघणं. 

दुपारी साबण लावला. नव्या, निम्म्या फाईलीवर. सुंदर चालला. मी वडी घेऊन खिडकीशी गेले आणि चित्र शेजारी धरून तपासली. खड्डा बरोबर. भोक एक, भोक दोन... सहाच्या सहा जागच्या जागी. व्हर्निअर लावलं, माप बरोबर.

"बघितलंस?" काका म्हणाले.

"बघितलं."

ते वडी घ्यायला हात पुढं करून थांबले, आणि हात मागं घेतला. "ग्रॅज्युएटनं बघितलंय म्हणजे झालं," ते म्हणाले. त्यात चिमटा नव्हता. इतक्या दिवसांत पहिल्यांदाच नव्हता. वडी पिशवीत घालून मी जवळजवळ उड्या मारतच घरी गेले.

सकाळी मी अंगणात दात घासत होते. आई धुण्याचं गाठोडं बांधून निघालेली. मनगटाला दोरी, दोरीला वडी.

"काकास्नी सांगितलंस त्ये बरं झालं बग," ती म्हणाली.

"काय सांगितलं?"

"भोकाचं गे! कोपऱ्यात पाडून दिलंय की. बग, कशी ओवली. आता न्हाई तुटत."

मी तोंडातला फेस तसाच ठेवून बघितलं. खड्ड्याभोवती सहा भोकं होती, आणि दूर कोपऱ्यात एक सातवं. गोल, खोल, स्वच्छ. आरपार. त्यातून सुंभाची दोरी गेली होती, वर गाठ.

आमचे कोपरे सपाट हवे होते. आरशासारखे.

"आये, ती वडी दे!"

"आता कुठं बांदलीया—"

"दे म्हणते की!"

गाठ सुटेना. आईचा हात धरून मी दोरी दातानं तोडली आणि पळत सुटले. वीज सकाळीच धड असायची, म्हणून काका सातला मशीन लावायचे. सात वाजून गेले होते. रामनगरच्या सरळ रस्त्यावरून एक बी.एस्सी. झालेली मुलगी, तोंडाला दंतमंजन, हातात दोरी लावलेला साबण गरगरत, जीव खाऊन पळतेय, हे ज्यांनी पाहिलं त्यांनी पुढं कित्येक वर्षं सांगितलं. मागून आईही ओरडत येत होती, "अगं, धुणं खोळंबलंय माजं!"

शेडच्या दारात पोचले तेव्हा मशीनचा आवाज चालू होता. ड्रिल खाली जात होतं. पाच भोकं पडलेली दिसत होती, सहावं चाललं होतं. मी ओरडले, पण त्या आवाजात माझंच मला ऐकू आलं नाही. मग मी दोरी धरून वडी डोक्यावर उंच धरली.

काकांनी माझ्याकडं पाहिलं. वडीकडं पाहिलं. काय झालंय ते त्यांना कळलं नव्हतं, त्यांनीच नंतर सांगितलं. पण डावा हात जिथं असायचा तिथंच होता. त्यांनी दाबलं.

सगळं शांत झालं. ड्रिल सहाव्या भोकात उभं राहिलं.

काकांनी वडी घेतली, कपाळावरचा चष्मा खाली ओढला आणि बोट टेकवत मोजलं. सात.

"चित्रात किती?"

"सहा."

"मग काल तू काय बघितलंस?"

मला दम लागला होता, रडूही येत होतं. "चित्रातली सगळी भोकं वडीत हायत का ते बघितलं. वडीतली सगळी चित्रात हायत का ते न्हाई बघितलं."

 काकांनी खडू घेऊन माझं वाक्य, 'हायत'सकट, शेडच्या दारावर जसंच्या तसं लिहिलं. पुढं पावसानं ते पुसट झालं की दरवर्षी गिरवायचे.

"आणि दोरी कुणी ओवली?"

"मी," आई दारातून म्हणाली. ती पोचली होती. "तुमीच तर भोक पाडून दिलासा."

तेव्हा काका हसायला लागले. ते मशीनला टेकून, चष्मे हातात घेऊन हसले. आम्ही त्यांना तसं हसताना कधी पाहिलं नव्हतं. काकी धावत बाहेर आल्या. त्यांनी वडीतलं जादा भोक पाहिलं, माझ्याकडं पाहिलं आणि म्हणाल्या, "हिनं मेहुण्याची ओळ काढली व्हय?"

काकींना इंग्रजी येत नव्हतं. पण ती एक ओळ त्यांना पाठ होती. मेहुणा म्हणजे त्यांचाच भाऊ. त्यानं नवं घर बांधलं तेव्हा काकांनी हौसेनं दारावरची पितळी पाटी मशीनवर करून दिली. नाव छान उमटलं, स्क्रूची चार भोकं पडली, आणि ड्रिल जाता जाता पाचवं भोक नावाच्या पहिल्या अक्षरात पाडून गेलं. भावजींनी मुद्दाम केलं असं धरून मेहुण्यानं बोलणंच टाकलं.

"पुस्तक खोटं नाही," काका मला म्हणाले. "पुस्तक नव्या मशीनचं आहे, आपलं मशीन जुनं. हे आमच्या मेहुण्यासारखं आहे. एका घरी जेव म्हटलं की वाटेत जे जे घर लागेल तिथं जेवत जातं, कुणी बास म्हणेपर्यंत. बास म्हणणारी ओळ ती."

"माज्या भावाचं जेवण काडू नका," काकी म्हणाल्या.

"आणि कपबशी?" मी विचारलं.

"टेबल उजवीकडं इतकं सरकेल असं वाटलं नव्हतं."

"चष्मा?"

"तोच प्रसंग. वाकून बघत होतो."

गणपती मी विचारला नाही.

काकी आत जाऊन बिस्किटाचा डबा घेऊन आल्या. जुनी फाईल त्यात होती, बांगड्याच्या वासासकट. पण काका म्हणाले, "जुनी लावायची नाही. तुझ्या फाईलीत तुझ्या हातानं ती ओळ घाल. बाकीच्या काढलेल्या ओळीपण एकेक करून बघू, कोणती कुणाची आहे ते." ओळ घातली. नवी वडी कोरली, आणि ह्या वेळी आम्ही चौघांनी मोजली. सहा. मग ड्रिल हातानं वर काढून, उरलेलं काम नव्यानं लावून ठोकळा पुरा केला. कोपरे आरशासारखे राहिले.

"टीप लिही आता," काका म्हणाले.

मी 'मेहुणा'च्या पुढं स्वल्पविराम दिला आणि 'आई' लिहिलं.

"बरोबर. एका ओळीवर दोघांनी बसायला हरकत नाही."

आई तोवर कंटाळली होती. "माजी वडी द्या आता. ओढ्यावर ऊन आलं."

त्या दिवसापासून शेडवर नवा नियम झाला. वडी आईकडून आल्याशिवाय पोलाद लावायचं नाही. काका गिऱ्हाइकांना गंभीरपणे सांगायचे, "तपासणी खात्याकडं गेलंय, उद्या कळेल." आणि प्रत्येक वडीच्या कोपऱ्यात ते स्वतः हातानं एक भोक पाडून द्यायचे, दोरीसाठी. आई ओढ्यावर बसून बोटानं मोजायची. संध्याकाळी निकाल द्यायची, "माजं एक सोडून आट. घाला." एकदा तिनं सांगितलं, "माजं एक सोडून नऊ हायत, पण एक लंगडं हाय." मोजलं तर खरंच एक भोक तिरकं होतं. ड्रिल वाकलं होतं.

कारखानदारांनी शब्द पाळला. मशीन विकलं गेलं नाही. काकींना पुण्याला जावं लागलं नाही. मेहुण्याला काकांनी नवी पाटी करून पाठवली, सोबत जुन्या पाटीबद्दल दोन पानांचं तांत्रिक स्पष्टीकरण. पाटी त्यानं लावली. स्पष्टीकरण परत पाठवलं.

तिसऱ्या वर्षी शेडमध्ये दुसरं मशीन आलं. ह्याची बोली अगदीच निराळी, आणि त्याची फाईल कुणाकडंच नव्हती. काकांनी दोन्ही चष्मे कपाळावर चढवले, संगणकासमोरची खुर्ची माझ्याकडं ओढली आणि स्वतः भाकरी मोजायला आत निघून गेले.

ती फाईल पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत मी लिहिली. वडी आईकडं गेली, आईनं 'घाला' म्हटलं, आणि त्या फाईलीवर निघालेला पहिला ठोकळा बरोबर निघाला.